फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशन : कुणीतरी कशाला तरी कस्पटासमान लेखणं

प्रश्न थोडक्यात असा आहे: फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशन (floccinaucinihilipilification) या 29 अक्षरांच्या इंग्रजी शब्दाचा अर्थ 'निरुपयोगीपणा' किंवा 'कवडीमोलपणा' असा वाचनात आला. तो बरोबर आहे का? शब्द आला कुठून, तो खरोखर कुणी वापरतं का, आणि मराठीत आणायचा झाला तर काय म्हणायचं?

पहिल्या भागाचं उत्तर आधी देतो, कारण बाकी सगळं त्यावर उभं आहे. तो अर्थ बरोबर नाही. जवळपासचा आहे, पण नेमका जिथे नेम लागायला हवा तिथेच चुकतो. ऑक्सफर्ड इंग्लिश डिक्शनरीतली व्याख्या मराठीत आणली तर 'एखादी गोष्ट कवडीमोल ठरवण्याची कृती किंवा सवय' अशी होते. यातला 'ठरवण्याची' हा भाग गळून पडला की शब्दाचा प्राणच जातो. निरुपयोगीपणा हा वस्तूचा गुण झाला. हा शब्द मात्र वस्तूबद्दल काहीच सांगत नाही. तो सांगतो ते वस्तूकडे पाहणाऱ्या माणसाबद्दल. त्या माणसाने तिला काय लेखलं, एवढंच.

आल्फ्रेड वेगेनरचं उदाहरण घ्या. खंड एकेकाळी जोडलेले होते आणि नंतर सरकत दूर गेले, ही कल्पना त्याने 1912 मध्ये मांडली. त्या काळातल्या अनेक भूशास्त्रज्ञांनी तिला काडीचीही किंमत दिली नाही. समुद्रतळाच्या अभ्यासातून पुरावे पुढे आले आणि 1960 च्या दशकात ती कल्पना मूळ धरून बसली. आता 'वेगेनरच्या सिद्धान्ताचं भूशास्त्रज्ञांनी केलेलं फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशन' हे वाक्य पूर्णपणे खरं आहे, आणि सिद्धान्त कवडीमोल होता हे वाक्य पूर्णपणे खोटं आहे. दोन्ही एकाच वेळी. शब्दाचा अर्थ 'कवडीमोलपणा' असता तर हे शक्यच झालं नसतं. कुणी अर्थाबद्दल वाद घातला की मी हेच वाक्य पुढे ठेवतो.

हा गोंधळ होतो याला कारण शब्दाच्या शेपटीत आहे. इंग्रजीत 'फिकेशन' हे शेपूट लागलं की आपल्याला 'करणं' ऐकू येतं: प्युरिफिकेशन म्हणजे शुद्ध करणं, सिम्प्लिफिकेशन म्हणजे सोपं करणं. त्या चालीने इथेही 'कवडीमोल करून टाकणं' असा अर्थ वाटतो, आणि तिथून 'कवडीमोल झालेपण' फार लांब नाही. शेपटाच्या मुळाशी लॅटिन क्रियापद आहे 'फाकेरे', म्हणजे करणं. पण लॅटिनमध्ये याच क्रियापदाला किमतीचा शब्द षष्ठीत जोडला की त्याचा अर्थ 'करणं' राहत नाही, 'लेखणं, किंमत धरणं' असा होतो. 'फ्लोक्की फाकेरे' म्हणजे एखाद्या गोष्टीचा लोकरीचा पुंजका बनवणं नव्हे, तर तिची किंमत लोकरीच्या पुंजक्याएवढी धरणं. आपला शब्द या दुसऱ्या 'फाकेरे'चा आहे. म्हणूनच 'तुच्छीकरण' असा जो संस्कृताळलेला प्रतिशब्द काही जण सुचवतात तो दिसायला अगदी जुळतो आणि अर्थाने फसवतो.

आता शब्दाचे तुकडे. चार लॅटिन नामं, चारही षष्ठीत, आणि मागे ते शेपूट.

पहिलं 'फ्लोक्कुस', लोकरीचा किंवा तसल्या कशाचा तरी छोटा पुंजका, जो फुंकर मारली तरी उडतो. इंग्रजीत याची नातवंडं बरीच आहेत. पाणी शुद्ध करताना तुरटीने गढूळपणाचे बारीक कण एकत्र येऊन गोळे धरतात, त्या क्रियेला फ्लॉक्युलेशन म्हणतात. हवामानशास्त्रात पुंजक्यापुंजक्यांच्या ढगांच्या एका प्रकाराला फ्लॉकस हेच नाव आहे. तिसरं 'निहिल', म्हणजे काही नाही. निहिलिझम आणि अ‍ॅनायहिलेट यांमुळे ते ओळखीचं वाटतं. चौथं 'पिलुस', म्हणजे केस, अंगावरची लव. डेपिलेशन म्हणजे केस काढणं, हे तिथूनच.

दुसरं नाम 'नाउकुम' मी मुद्दाम मागे ठेवलं, कारण ते या चौकडीतलं सर्वांत रंजक आहे. ते इतकं जुनं आणि विरळ होतं की खुद्द रोमन कोशकारांनाच त्याचा अर्थ ठाऊक नव्हता. फेस्टुस या रोमन कोशकाराच्या कोशात त्यांची मतं नोंदलेली आहेत आणि ती एकमेकांशी जुळत नाहीत. कुणी म्हणतो ऑलिव्हच्या किंवा कवचाच्या फळाच्या आत जे असतं ते, कुणी म्हणतो कुठल्याही गोष्टीचं टरफल, कुणी म्हणतो शेंगेत दाण्याला चिकटलेलं असतं ते, कुणी म्हणतो अक्रोडाच्या दोन अर्ध्यांमधला पापुद्रा. सगळ्यांचं एकमत एवढ्यावरच की ते काहीतरी फेकून द्यायचं आहे. वापर मात्र पक्का होता. सिसेरोने भविष्य सांगण्याच्या विद्येवर जो ग्रंथ लिहिला त्यात एन्निउस या जुन्या कवीच्या ओळी येतात, आणि त्यांत एका जातीच्या शकुनसांग्यांना 'मी नाउकुमएवढंही मानत नाही' असं ठणकावून म्हटलेलं आहे. वस्तू कोणती ते विसरलं गेलं, तिच्या नावाने व्यक्त होणारा तिरस्कार मात्र शिल्लक राहिला. भाषेत हे नेहमी घडतं. 'छदाम' म्हणजे नेमकं किती, हे न सांगता येणारा माणूसही 'एक छदाम देणार नाही' हे बिनचूक म्हणतो.

हे चार शब्द एका दावणीला बांधले गेले ते शाळेच्या व्याकरणात. इंग्लंडमधल्या मुलांना कित्येक पिढ्या जे लॅटिन व्याकरण घोकावं लागायचं ते विल्यम लिली याच्या नावाने ओळखलं जातं. हा लिली 1522 मध्ये वारला. ईटन या प्रसिद्ध इंग्रजी शाळेच्या नावाने पुढे जे व्याकरण चाललं ते याच व्याकरणाचं सुधारलेलं रूप. त्यात एक नियम होता: फ्लोक्की, नाउकी, निहिली, पिली, अस्सिस, हुयुस, तेरुन्किई हे शब्द किंमत धरणं, तोलणं, लेखणं या अर्थाच्या क्रियापदांबरोबर षष्ठीत येतात. मुलं ही यादी ठेक्यात म्हणत असणार, कारण ती म्हणावीशीच आहे. आपल्या शब्दात तिचे पहिले चार शब्द त्याच क्रमाने आले आहेत. उरलेलेही पाहण्यासारखे आहेत. 'अस' हे तांब्याचं हलकं नाणं आणि 'तेरुन्किउस' त्याचा चौथा हिस्सा. 'हुयुस' म्हणजे नुसतं 'ह्याचं', 'एवढ्याचं'. बोलणारा बोटाने दाखवत असणार: एवढीसुद्धा किंमत नाही. व्याकरणाच्या नियमात असा हातवारा जपून राहिलेला क्वचितच सापडतो.

लॅटिन वाङ्मयात हे प्रयोग जिवंत आहेत. काटुल्लुस हा कवी आपल्या प्रियेला सांगतो की कडक म्हाताऱ्यांची कुजबुज आपण सगळी मिळून एका 'अस'ला काढू. दुसऱ्या एका कवितेत तो एका प्रांताधिकाऱ्याबद्दल तक्रार करतो की हा आपल्या हाताखालच्या माणसांना केसाएवढंही मोजत नव्हता. प्लाउतुसच्या नाटकांतली पात्रं 'फ्लोक्की नोन फाकिओ' असं येताजाता म्हणतात.

त्या 'नोन'कडे लक्ष द्या, म्हणजे 'नाही'कडे. 'पुंजक्याएवढी किंमत धरतो' आणि 'पुंजक्याएवढीही किंमत धरत नाही', दोन्हींचा अर्थ एकच. तर्काने पाहिलं तर दुसरं वाक्य पहिल्यापेक्षा एक पायरी खाली आहे, पण बोलणाऱ्याला ते जाणवत नाही. मराठीतही हेच आहे. 'कवडीची किंमत केली' आणि 'कवडीचीही किंमत केली नाही', दोन्ही चालतात आणि ऐकणारा दोन्हीतून एकच गोष्ट घेतो.

इथे थोडा आडवळणाला जातो, कारण हे मराठी वाचकाला सांगितलंच पाहिजे. लॅटिनने तुच्छतेसाठी षष्ठी राखून ठेवली, तर संस्कृतने चतुर्थी. पाणिनीचं सूत्र आहे 'मन्यकर्मण्यनादरे विभाषाऽप्राणिषु', अष्टाध्यायीत 2.3.17. अनादर दाखवायचा असेल तेव्हा 'मन्' धातूच्या कर्माला विकल्पाने चतुर्थी लागते, मात्र ते कर्म प्राणी नसावं. उदाहरण ठरलेलं आहे: 'न त्वां तृणं मन्ये' किंवा 'न त्वां तृणाय मन्ये', मी तुला गवताच्या काडीएवढंही मानत नाही. इथेही 'न' आहेच. पाणिनीच्या सूत्रांना पुरवण्या जोडणाऱ्या वार्तिककाराने पुढे प्रत्यक्ष भाषा पाहून दुरुस्ती केली. लोक 'मी तुला कुत्र्याएवढंही मानत नाही' असं चतुर्थीत म्हणतात, मग 'प्राणी नसावं' ही अट काढा आणि नौका, कावळा, अन्न, पोपट, कोल्हा एवढे शब्द तेवढे वगळा. कोणाशी तुलना केली तर अपमान होतो याची यादी व्याकरणात बसवण्याइतकं हे प्रकरण त्या लोकांनी मनावर घेतलं होतं. मला यातलं सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते 'मन्ये'. दोन्ही भाषांमध्ये नियम लागू होतो तो 'मानणे, लेखणे, तोलणे' या क्रियापदांना. गवत किंवा लोकर हे फक्त माप आहे, मापणारा मात्र माणूस आहे. इंग्रजी शब्दाच्या पोटात हे मापणं जसंच्या तसं बसलेलं आहे.

आता शब्दाच्या वापराकडे. ऑक्सफर्डने नोंदवलेला जुना प्रसिद्ध वापर 1741 मधला आहे, विल्यम शेन्स्टन या कवीच्या पत्रातला. एका माणसाबद्दल तो लिहितो की माझं त्याच्यावर प्रेम होतं ते सगळ्यात जास्त कशासाठी, तर पैशाचं त्याने केलेलं हे फ्लॉक्सिनॉसि-वगैरे. पैशाला तो काहीच मोजत नसे, म्हणून. दोन गोष्टी इथे हेरण्यासारख्या आहेत. एक, शेन्स्टनने शब्द अखंड लिहिला नाही, मध्ये रेघा देऊन तुकड्यातुकड्यांनी लिहिला. सांधे उघडे ठेवले. शाळेत तीच यादी घोकलेल्या वाचकाला ती यादी ऐकू यावी, हा त्यातला आनंद. दोन, आणि ही जास्त मोलाची, शब्द निंदेसाठी आलेला नाही. ही स्तुती आहे. पैशाला तुच्छ लेखणं हा त्या माणसाचा मोठेपणा.

कादंबरीकार वॉल्टर स्कॉटच्या रोजनिशीतही तसंच आहे, 18 मार्च 1829 ची नोंद. देहाला सुखावणाऱ्या सगळ्या गोष्टींकडे तुच्छतेने पाहावं अशा अर्थाच्या वाक्यात तो हा शब्द वापरतो. मात्र स्कॉटने 'नॉसि'च्या जागी 'पॉसि' लिहिलं आहे. 'पाउकी' म्हणजे लॅटिनमध्ये थोडे, मोजके. नाउकुम हा शब्द रोमनांच्याच हातून निसटलेला, तेव्हा शाळा सोडून कित्येक वर्षं झालेल्या माणसाच्या मनात ओळखीच्या 'पाउकी'ने त्याची जागा घेतली असावी. सगळ्यात कमकुवत सांधा नेमका तिथेच सुटला.

म्हणून या शब्दाबरोबर आपोआप नाराजीचा सूर येतो असं मानू नका. कशाला तुच्छ लेखलं जातं आहे त्यावर सूर ठरतो. धन, ऐषआराम, लोकापवाद यांचं फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशन म्हणजे वैराग्य किंवा निर्भयता. दुसऱ्याच्या कष्टांचं, दुसऱ्याच्या म्हणण्याचं ते केलं तर उद्दामपणा. शब्द दोन्हीकडे तितकाच नेमका बसतो.

ऑक्सफर्डचा कोश 1884 ते 1928 या काळात प्रथम भागाभागाने निघाला. त्या पहिल्या आवृत्तीतला हा सर्वांत लांब शब्द. तिथून त्याचं नशीब बदललं. तो अर्थासाठी कमी आणि लांबीसाठी जास्त ओळखला जाऊ लागला. अँटिडिसएस्टॅब्लिशमेंटेरियनिझम 28 अक्षरांचा, म्हणजे त्याच्यापेक्षा एकाने कमी. फुप्फुसाच्या आजाराचं जे 45 अक्षरी नाव सांगतात ते 1930 च्या दशकात कोडी रचणाऱ्यांच्या मंडळात मुद्दाम लांबी गाठण्यासाठी बनवलं गेलं. आपला शब्दही खेळातून जन्मला, पण त्याला खरा अर्थ आहे, खरं व्याकरण आहे आणि शेन्स्टनसारख्या माणसाच्या खऱ्या भावनेत तो वापरला गेला आहे. केवळ अक्षरं मोजून त्याला सोडून देणं मला अन्यायाचं वाटतं.

विसाव्या शतकाच्या शेवटी तो राजकारणात दिसू लागतो. 1995 मध्ये अमेरिकेत अर्थसंकल्पाच्या आकडेवारीवरून वाद चालू होता, तेव्हा क्लिंटन यांचे प्रसिद्धी सचिव माइक मॅकरी पत्रकारांना म्हणाले की इथे थोडं फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशन चाललंय. 1999 मध्ये सिनेटर जेसी हेल्म्स यांनी सर्वंकष अणुचाचणी बंदी कराराबाबत 'मी या कराराचं केलेलं फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशन' असा प्रयोग केला. 2012 मध्ये ब्रिटनच्या संसदेत जेकब रीस-मॉग यांनी युरोपीय संघाच्या न्यायाधीशांबद्दल तो वापरला आणि तेथील कामकाजाच्या नोंदीतला सर्वांत लांब शब्द म्हणून त्याची बातमी झाली.

हे तिन्ही वापर व्याकरणासाठी वाचण्यासारखे आहेत. हेल्म्स यांचं वाक्य सर्वांत स्वच्छ, कारण त्यात लेखणारा कोण आणि लेखलं काय, दोन्ही स्पष्ट आहेत. रीस-मॉग यांनी लेखणारे आपणच असल्याचं वाक्याच्या रचनेतून सांगितलं. मॅकरींनी दोन्ही टोकं सोडून नुसती क्रिया ठेवली, आणि संदर्भ समोर असल्यामुळे ती चालून गेली. तिघांपैकी कुणीही तो 'निरुपयोगीपणा' या अर्थाने वापरलेला नाही.

तुम्हाला इंग्रजीत वापरायचा असेल तर हेल्म्सची चौकट धरा. आधी लेखणारा, मालकी दाखवणाऱ्या रूपात. मग शब्द. मग 'ऑफ' आणि ज्याला तुच्छ लेखलं ती गोष्ट. 'या जुन्या यंत्राचं फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशन सिद्ध झालं' अशा अर्थाचं वाक्य लिहिलंत तर ते चूक आहे. तिथे साधा 'वर्थलेसनेस' हवा. शब्दाचं क्रियापद काही जण घडवतात, पण ते रुळलेलं नाही, नामच वापरा. परीक्षेतल्या निबंधात, अर्जात, अहवालात तो घालू नका. वाचणाऱ्याचं लक्ष मजकुरावरून उडून शब्दावर जातं आणि तुमचं म्हणणं मागे पडतं. जिथे लेखकाला थोडी मोकळीक आहे, वाचक जाणता आहे, आणि तुच्छ लेखण्याची ती वृत्ती खरोखर तपशिलात, सावकाश दाखवायची आहे, तिथे एकदाच वापरला तर शोभतो. इतका लांब श्वास घेऊन एखाद्या गोष्टीला 'काहीच नाही' म्हणणं यात जो ठसका आहे तो छोट्या शब्दात येत नाही.

उच्चार तुकडे पाडून बसवा: फ्लॉक्सि, नॉसि, नायहिलि, पिलि, फिकेशन. जोर 'के'वर. 'नाय'च्या जागी 'नि' म्हणणारेही आहेत, ते चूक नाही. पहिल्या तुकड्यातल्या जोड 'सी'चा उच्चार 'अ‍ॅक्सिडेंट'मधल्यासारखा 'क्स' होतो, हे लक्षात ठेवलं की स्पेलिंगही सुटतं. संपूर्ण शब्दात 'आय' हे अक्षर नऊ वेळा येतं आणि 'ई' एकदाही नाही. शंका आली तर ही मोजणी करून पाहा.

शेजारचे शब्द वेगळे ओळखता आले पाहिजेत. डिस्परेज म्हणजे कमी लेखून तसं बोलून दाखवणं. मूळ जुन्या फ्रेंचमध्ये त्याचा अर्थ बरोबरीच्या नसलेल्याशी लग्न लावणं असा होता, त्यामुळे दर्जा खाली ओढण्याची छटा त्यात अजून आहे. बिलिटल म्हणजे आहे त्यापेक्षा लहान करून दाखवणं. तो शब्द थॉमस जेफरसनच्या लिखाणातून पुढे आला. या दोन्हीत काहीतरी शिल्लक उरतं. फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशनमध्ये शिल्लक शून्य, आणि ते तोंडाने बोलून दाखवलंच पाहिजे असंही नाही, मनातल्या मनातही होतं. अर्थाने सर्वांत सख्खा म्हणजे व्हिलिपेंड, 'स्वस्तात तोलणं', तोही विरळच. न्यूगटरी मात्र पलीकडच्या बाजूचा, वस्तूचा गुण सांगणारा. अपील निकाली निघण्याआधीच हुकमाची अंमलबजावणी झाली तर अपील न्यूगटरी ठरेल, असं न्यायालयात म्हणतात. म्हणजे निष्फळ, असून नसल्यासारखं. आणि प्राइसलेस व इन्व्हॅल्युएबल हे दिसायला 'किंमत नसलेले' वाटतात, पण अर्थ 'अमूल्य'. यांची सरमिसळ मी छापील मजकुरातही पाहिली आहे.

राहिलं मराठी. इथे आपली भाषा या कामासाठी इंग्रजीपेक्षा जास्त सज्ज आहे. मात्र निवड करताना हीच चाळणी लावायची: शब्द वस्तूचा गुण सांगतो की माणसाचं लेखणं? कवडीमोल, मातीमोल, नगण्य, क्षुल्लक, किरकोळ हे गुण सांगणारे, एकटे वापरले तर चुकीचे. कस्पटासमान लेखणं, तृणवत मानणं, कःपदार्थ समजणं, खिजगणतीत न धरणं हे लेखण्याचे, म्हणून बरोबर. 'अवमूल्यन' टाळा. चलनाचं अवमूल्यन होतं तेव्हा त्याची किंमत प्रत्यक्षात उतरवलेली असते, आणि इथे वस्तूला काहीच झालेलं नसतं. 'उपेक्षा'ही थोडी बाजूला पडते. उपेक्षेत लक्षच दिलेलं नसतं. या शब्दातल्या माणसाने लक्ष दिलं आहे, तोललं आहे आणि शून्य ठरवलं आहे.

आणखी एक खाच आहे ती आपल्या षष्ठीची. इंग्रजीत लेखणारा आणि लेखली गेलेली गोष्ट वेगवेगळ्या जागी बसतात. मराठीत 'त्याची अवहेलना' म्हटलं की त्याने केलेली की त्याच्या वाट्याला आलेली हे कळत नाही. म्हणून भाषांतरात नाम जपण्याचा हट्ट सोडून वाक्य क्रियापदावर आणावं. 'भूशास्त्रज्ञांनी वेगेनरचा सिद्धान्त कस्पटासमान लेखला.' कर्ता, कर्म, क्रिया, सगळं जागच्या जागी. नाम हवंच असेल तर 'कस्पटासमान लेखण्याची वृत्ती'. मूळ व्याख्येतला 'सवय' हा पदर त्यात येतो.

कस्पट आणि तृण यांतही मी फरक करतो. निंदेच्या वाक्यात कस्पट. त्यात झटकून टाकण्याचा हात दिसतो. स्तुतीच्या वाक्यात तृण, कारण संस्कृतातून येताना त्याला वैराग्याचा वास चिकटून आला आहे. शेन्स्टनचं वाक्य मला मराठीत करायचं असेल तर ते मी असं करेन: 'त्याच्यावर माझा जीव होता तो मुख्यतः एवढ्यासाठी, की पैशाला तो तृणवत मानायचा.' यात शब्दाची लांबी आणि शाळेच्या यादीची गंमत जाते, हे खरं. ती राखायची असेल, म्हणजे मूळ लेखकाने शब्द मुद्दाम मिरवला असेल, तर पहिल्यांदा तो देवनागरीत रेघा देऊन तसाच ठेवा, लगेच पुढच्या वाक्यात त्याचा अर्थ क्रियापदाने उलगडा, आणि नंतर मजकुरात तो पुन्हा आला तर मराठी क्रियापदावरच चालवा.